खेळ कां उघडत नाहीं?

मनुष्यानें निर्माण केलेल्या प्रत्येक करमणुकीला एक उंबरठा असतो. नाटक पाहावयाचें तर पडदा वर जावा लागतो, गाणें ऐकावयाचें तर तंबोरा जुळावा लागतो, आणि संगणकावरील खेळ खेळावयाचा तर तो आधीं उघडावा लागतो. प्रेक्षकाचें लक्ष पडदा वर गेल्यानंतरच्या देखाव्याकडे असतें. पडद्यामागें दोऱ्या ओढणारे, रंग लावणारे व दिवे सांभाळणारे किती हात राबत असतात याची त्याला दखल नसते. पडदा मध्येंच अडकला म्हणजे मात्र त्या हातांची आठवण होते. संगणकाच्या खेळांचेंहि असेंच आहे. खेळाच्या चिन्हावर बोट दाबलें, क्षणभर चक्र फिरलें, पडदा काळा झाला आणि पुन्हां सर्व पूर्ववत् शांत झालें, हा प्रकार आज शहरांतील बहुतेक सुशिक्षित घरांना परिचित आहे. मूल हिरमुसतें, वडील माणसें कधीं यंत्राला तर कधीं मुलाला बोल लावतात, आणि खरा दोष कोठें आहे हें कोणालाच कळत नाहीं.

हा दोष आजकालचा नव्हे. त्याला साठांहून अधिक वर्षांचा इतिहास आहे. आणि तो क्रमानें पाहिला असतां एक गोष्ट स्पष्ट दिसते. खेळ न उघडण्याचें कारण प्रत्येक काळीं निराळ्या ठिकाणीं दडलेलें होतें, आणि तें ठिकाण दर वेळीं घरच्या माणसाच्या हातापासून थोडें थोडें दूर सरकत गेलें.

या इतिहासाचा आरंभ मोठा चमत्कारिक आहे. अमेरिकेंतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या संस्थेला डिजिटल इक्विपमेंट कॉर्पोरेशन या कंपनीनें १९६१ सालीं पीडीपी-१ नांवाचा संगणक दिला. त्या यंत्रावर स्टीव्ह रसेल व त्यांचे सहकारी यांनीं १९६२ सालीं 'स्पेसवॉर' हा खेळ सिद्ध केला. दोन अवकाशयानें एका ताऱ्याभोंवतीं फिरत एकमेकांवर मारा करतात, एवढेंच त्याचें कथानक. हा खेळ कागदाच्या लांब पट्टीवर भोकें पाडून लिहिलेला असे. ती पट्टी वाचकयंत्रांतून सरकविली म्हणजे भोकांची भाषा संगणकाच्या स्मृतींत उतरे. पट्टी फाटली किंवा एखादें भोंक बुजलें तर खेळ उघडत नसे. दोष डोळ्यांना दिसे व बोटांना लागे. पुढें या संगणकाच्या निर्मात्यांकडे 'स्पेसवॉर'चा उपयोग नव्या यंत्राची परीक्षा घेण्यासाठीं होऊं लागला. कारण त्या खेळाला यंत्राचा जवळजवळ प्रत्येक अवयव राबवावा लागे. खेळ चालला तर यंत्र निर्दोष, न चालला तर यंत्रांत कांहीं तरी बिघाड. म्हणजे आज ज्या खेळाची चिकित्सा करावी लागते, तोच खेळ प्रारंभीं स्वतः वैद्य होता.

प्रयोगशाळेंतून खेळ घरांत आले ते १९८० च्या सुमारास. इंग्लंडमध्यें केंब्रिज येथील क्लाइव्ह सिंक्लेअर यांच्या कंपनीनें एप्रिल १९८२ मध्यें 'झेडएक्स स्पेक्ट्रम' हा लहानसा व स्वस्त संगणक बाजारांत आणला. त्याचे खेळ गाण्यांच्या साध्या कॅसेटवर विकले जात. शून्य व एक या दोन चिन्हांना निरनिराळ्या लांबीच्या दोन ध्वनिलहरी नेमून दिलेल्या असत, आणि घरांतला साधा टेपरेकॉर्डर त्या संगणकाला ऐकवी. ४८ के. स्मृति भरून टाकणारा खेळ उतरावयास सुमारें ५ मिनिटें लागत. तेवढा वेळ टेपांतून कर्कश किंकाळी निघे व दूरचित्रवाणीच्या पडद्याच्या कडेनें रंगीत पट्टे धांवत. इतका धीर धरल्यावर शेवटीं पुष्कळदां एकच ओळ उमटे: 'टेप लोडिंग एरर'. मग पहिल्यापासून पुन्हां आरंभ.

या चुकीचीं कारणें मात्र घरच्या घरीं शोधतां येत. आवाज फार लहान किंवा फार मोठा ठेवलेला असे. टेपच्या डोक्यावर मळ सांचलेला असे. अथवा ज्या यंत्रावर कॅसेट भरली त्याच्या डोक्याचा कोन व घरच्या यंत्राच्या डोक्याचा कोन यांत सूक्ष्म अंतर असे. डोक्याशेजारचा बारीक स्क्रू लहान पेंचकसानें किंचित् फिरविला, आणि ध्वनि बोथट होता तो धारदार झाला, कीं खेळ उतरे. तंबोऱ्याची जवारी लागली हें जसें गवयाच्या कानाला कळतें, तसा योग्य कोन त्या काळच्या मुलांच्या कानाला कळूं लागला. दोष, कारण आणि उपाय हीं तिन्ही एकाच टेबलावर होतीं.

या ठिकाणीं नभोवाणीचाहि एक धागा येऊन मिळतो. नेदरलंड्समध्यें एन.ओ.एस. या संस्थेच्या 'हॉबीस्कूप' कार्यक्रमांतून संगणकाचे कार्यक्रम ध्वनीच्या रूपानें प्रक्षेपित होत. श्रोते ती किंकाळी कॅसेटवर टिपून घेत व आपल्या संगणकाला ऐकवीत. परंतु अडचण अशी, कीं प्रत्येक कंपनीच्या संगणकाची 'बेसिक' भाषा थोडी निराळी. घाटावरचें बोलणें कोंकणांत समजावें पण नेमका एखादा शब्द अडावा, तसें होऊन एका यंत्रावर चालणारा कार्यक्रम दुसऱ्यावर उघडत नसे. यावर तोडगा म्हणून 'बेसिकोड' नांवाची समाईक पद्धति ठरविण्यांत आली. सर्व यंत्रांना समजेल तेवढाच शब्दसंग्रह वापरावयाचा, असें तिचें तत्त्व. पुढें पूर्व जर्मनीच्या नभोवाणीनेंहि तिचा उपयोग केला. खेळ न उघडण्यावरचा खरा उपाय म्हणजे सर्वांनीं पाळावयाचा समाईक करार, हें तत्त्व येथें दिसून आलें. पुढें तेंच वारंवार कामीं आलें.

याच सुमारास दूरचित्रवाणीला जोडावयाचीं खेळयंत्रें आलीं. जपानच्या निन्टेन्डो कंपनीचें यंत्र अमेरिकेंत १९८५ सालीं विक्रीस आलें. त्यांतील खेळ प्लॅस्टिकच्या डबीत असे व ती डबी समोरच्या दारांतून आंत सरकवावी लागे. आंतल्या ७२ टोंकांच्या जोडणीचा स्पर्श कालांतरानें सैल होई. त्यांतच बनावट खेळ चालूं नयेत म्हणून एक कुलपाची चिप बसविलेली होती. डबींतल्या चिपशीं तिचा संवाद जुळला नाहीं तर ती यंत्राला दर सेकंदाला नव्यानें सुरू करी, आणि दिवा लुकलुकत राही. मुलांनीं यावर डबींत फुंकर मारण्याचा उपाय शोधला. गुण फुंकरेचा नव्हता. डबी काढून पुन्हां घालतांना टोंकांचा स्पर्श नव्यानें जुळे, त्याचा होता. फुंकरेंतील दमटपणानें धातु गंजते म्हणून कंपनीनेंच पुढें फुंकूं नका असें बजाविलें. १९९३ सालीं निघालेल्या नव्या आवृत्तींत ती कुलपाची चिप गाळण्यांत आली. भारतांत या यंत्राच्या जपानी भावंडाच्या नकला विकल्या गेल्या; त्यांत ती चिप नव्हतीच. तरीहि मुंबई-पुण्याच्या मुलांनीं त्या डबीला 'कॅसेट' म्हणावयाचें आणि खेळ अडला कीं तींत फुंकर मारावयाची, हा रिवाज पाळला. उपाय लागू पडला म्हणजे त्याची मीमांसाहि खरी असतेच असें नाहीं, हा तर्कशास्त्रांतला धडा त्या फुंकरेंत सामावलेला आहे.

यानंतरचा कालखंड आय.बी.एम. पद्धतीच्या संगणकाचा. हा संगणक ऑगस्ट १९८१ मध्यें निघाला. त्याच्या प्रोसेसरला एकंदर १,०२४ के. स्मृतीचे पत्ते ठाऊक होते; त्यांपैकीं ६४० के. कार्यक्रमांसाठीं व उरलेले यंत्राच्या अंतर्गत कामासाठीं, अशी वांटणी झाली. त्या वेळीं ती उदार वाटली. दहा वर्षांनीं संगणकांत चार-चार हजार के. स्मृति बसूं लागली, तरी डॉस या कार्यप्रणालीच्या जुन्या वांटणीमुळें खेळांना सुरुवात करावयास तीच ६४० के. ची ओसरी उरली. त्या ओसरीवर माऊसचा, ध्वनीचा, सीडीचा असे निरनिराळे ड्रायव्हर आधींच बसलेले असत. मग कोठार धान्यानें भरलेलें असूनहि 'पुरेशी स्मृति नाहीं' असें यंत्र सांगे. घरधन्याला हें कोडें उलगडत नसे.

यावर उपाय दोन फायलींत होता: 'कॉन्फिग डॉट सिस' व 'ऑटोएक्झेक डॉट बॅट'. यंत्र सुरू होतांना कोणता ड्रायव्हर कोठें बसवावयाचा याची यादी त्यांत असे. 'हायमेम' व 'ईएमएम-३८६' या व्यवस्थापकांच्या साहाय्यानें कांहीं मंडळी ओसरीवरून माडीवर हलवितां येत. परंतु एका खेळाला जो व्यवस्थापक हवा, तोच दुसऱ्याला चालत नसे. १९९२ सालच्या 'अल्टिमा ७' या खेळानें स्मृति सांभाळण्याची स्वतःचीच पद्धति आणली होती व ती 'ईएमएम-३८६'शीं पटवून घेत नसे. त्यामुळें हौशी माणसें त्या एका खेळासाठीं निराळी फ्लॉपी तयार करून तिच्यावरून यंत्र सुरू करीत. १९९३ सालच्या एमएस-डॉस ६ मध्यें सुरुवातीलाच निरनिराळ्या मांडण्यांतून एक निवडण्याची सोय झाली, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरांत आलेल्या 'डूम' या खेळानें विस्तारक नांवाच्या युक्तीनें ६४० के. ची मर्यादाच ओलांडली.

ध्वनीची कथा याहून निराळी नव्हती. सिंगापूरच्या क्रिएटिव्ह कंपनीचें 'साउंड ब्लास्टर' कार्ड १९८९ मध्यें आलें. त्या कार्डाचा पत्ता कोणता आणि प्रोसेसरला हांक मारण्यासाठीं त्यानें कितव्या क्रमांकाची घंटा वाजवावयाची, हें खेळाला हातानें सांगावें लागे. बहुधा पत्ता २२० आणि घंटा ५ किंवा ७. सातवी घंटा छपाईयंत्राच्या जोडणीलाहि दिलेली असे. एकाच घंटेचे दोन मानकरी झाले कीं खेळ जागच्या जागीं थिजे. या काळांतल्या गृहस्थाला पेंचकस पुरेना. त्याला यंत्राची अंतर्गत व्यवस्था वाचावी लागली. तथापि ती वाचण्यासारखी होती, कागदावर उतरण्यासारखी होती, आणि ती शिकलेल्या अनेक मुलांनीं पुढें संगणकविद्येलाच वाहून घेतलें.

यंत्र मंद असल्यामुळें खेळ न चालणें समजण्यासारखें आहे. परंतु यंत्र फार वेगवान असल्यामुळें खेळ न उघडल्याचीहि उदाहरणें आहेत. बोर्लंड कंपनीच्या टर्बो पास्कल भाषेंत लिहिलेले पुष्कळ कार्यक्रम सुरू होतांच यंत्राचा वेग मोजीत. ठराविक क्षणांत एक लहान आवर्तन किती वेळां होतें तें मोजावयाचें व आलेल्या संख्येला भागावयाचें, अशी ती रीत. १९९७ च्या सुमारास प्रोसेसर इतके वेगवान झाले कीं भागाकार ठरलेल्या घरांत मावेना. आणि कार्यक्रम 'रनटाइम एरर २००', म्हणजे शून्यानें भागाकार, असें म्हणून मरून पडे. १९९४ सालच्या 'जॅझ जॅकरॅबिट' या प्रसिद्ध खेळाची हीच गत झाली. खेळ तोच, त्याची प्रत निर्दोष, यंत्र उत्तम, तरी उघडेना. भविष्य किती लवकर येईल याचा अंदाज चुकला, एवढाच दोष.

इतकें होईपर्यंत विंडोज कार्यप्रणाली घरोघर पसरली होती. तिच्यांत खेळाला थेट यंत्राशीं बोलतां येत नसे. मध्यें ड्रायव्हररूपी दुभाष्या असे. १९९४ च्या नाताळांत या दुभाष्यानें मोठाच घोटाळा केला. डिस्ने कंपनीनें 'द लायन किंग' या चित्रपटावरून मुलांसाठीं काढलेली संगणकीय चित्रकथा मायक्रोसॉफ्टच्या 'विंजी' या चित्रकारी-साधनावर आधारलेली होती. काँपॅक कंपनीच्या प्रेसारिओ जातीच्या नव्या संगणकांतील चित्र-ड्रायव्हरची या साधनाशीं जुळणी तपासलेली नव्हती. नाताळच्या सकाळीं मुलांनीं भेटीची पेटी उघडली, तबकडी यंत्रांत घातली, आणि सिंह दिसण्याऐवजीं यंत्रच कोसळलें. रडणाऱ्या मुलांच्या आईबापांनीं कंपनीच्या मदतकक्षाकडे फोनांची रीघ लावली. या आईबापांनीं काय चूक केली होती? कांहींहि नाहीं. त्यांनीं दोन नामांकित वस्तु पूर्ण किंमत देऊन घेतल्या होत्या. त्या दोन वस्तूंची एकमेकींशीं ओळख करून देण्याचें काम मात्र कोणीच केलेलें नव्हतें.

या फजितीनंतर मायक्रोसॉफ्टमधील अॅलेक्स सेंट जॉन, क्रेग आयस्लर व एरिक एंगस्ट्रॉम यांच्या प्रयत्नाला जोर आला, आणि सप्टेंबर १९९५ मध्यें 'डायरेक्टएक्स' हा संच प्रसिद्ध झाला. खेळ लिहिणाऱ्यांनीं एका ठराविक भाषेंत बोलावें आणि कार्डें करणाऱ्यांनीं ती भाषा समजणारे ड्रायव्हर द्यावे, असा हा करार. 'बेसिकोड'चेंच तत्त्व मोठ्या प्रमाणावर पुन्हां अवतरलें. मात्र या कराराच्या आवृत्त्या निघत गेल्या, आणि खेळाला हवी असलेली नेमकी आवृत्ति यंत्रांत नसली कीं 'अमुक डीएलएल फाइल सांपडत नाहीं' हा नवा निरोप येऊं लागला.

त्याच काळांतली दुसरी एक हकीकत सौजन्याची आहे. 'सिमसिटी' या नगररचनेच्या खेळांत एक दोष होता. वापरून परत केलेली स्मृति तो नंतरहि वाचीत असे. घर सोडल्यावर जुन्या किल्लीनें आंत शिरावें तसें. जुन्या विंडोजमध्यें तें घर कांहीं काळ रिकामेंच राही, म्हणून दोष झांकला गेला. ऑगस्ट १९९५ मध्यें आलेली विंडोज ९५ तें घर लगेच दुसऱ्याला देई, त्यामुळें खेळ कोसळे. मायक्रोसॉफ्टच्या लोकांनीं खेळाला दोष देऊन हात झटकले नाहींत. 'सिमसिटी' चालू आहे काय हें ओळखून तेवढ्यापुरती स्मृति रिकामी करण्यास विलंब लावणारी खास तरतूद त्यांनीं कार्यप्रणालींतच केली. ग्राहकाच्या दृष्टीनें काल चालत असलेला खेळ आज चालत नाहीं, एवढेंच सत्य असतें. चूक कोणाची हा वाद त्याच्या उपयोगाचा नसतो, हें त्यांनीं ओळखलें.

परंतु सर्वच जुन्या खेळांना असें आश्रयस्थान मिळालें नाहीं. ६४ बिटांच्या विंडोजमध्यें १६ बिटांचे कार्यक्रम चालत नाहींत. त्यामुळें १९९० ते २००० या दशकांतील कित्येक खेळांची स्थिति विचित्र झाली. खेळ स्वतः ३२ बिटांचा, म्हणजे आजहि चालण्याजोगा. पण त्याला तबकडीवरून यंत्रांत बसविणारा कार्यक्रम १६ बिटांचा, म्हणून तो दारांतच अडतो. नवरा मांडवांत यावयास तयार, पण घोडाच चालेना, असा हा प्रकार. अॅपलच्या संगणकांवर तर ऑक्टोबर २०१९ मधील 'कॅटलिना' आवृत्तीनें ३२ बिटांचे सर्व कार्यक्रम बंद केले, आणि ती आवृत्ति बसविणाऱ्यांचे असंख्य जुने खेळ तेथें मुके झाले.

मराठी घराशीं थेट निगडित असें एक कारण येथें सांगितलें पाहिजे. जुन्या विंडोज कार्यक्रमांना अक्षरें ओळखण्यासाठीं प्रत्येक लिपीगणिक एक संकेतपत्रिका लागे. रोमन, रशियन, ग्रीक, अरबी या लिप्यांना ती मिळाली होती. देवनागरीला अशी पत्रिका विंडोजनें दिली नाहीं. विंडोज २००० मध्यें देवनागरीची सोय आली ती युनिकोडच्याच द्वारें. म्हणून युनिकोड न जाणणाऱ्या जुन्या खेळाला देवनागरी नांवाचा फोल्डर वाचतांच येत नाहीं. एखाद्यानें हौसेनें संगणकावर आपलें नांव मराठींत नोंदविलें, तर त्या नांवाच्या फोल्डरांत आपली नोंद ठेवूं पाहणारा जुना खेळ कांहीं न बोलतां मिटून जातो. खेळासाठीं रोमन नांवाचा निराळा फोल्डर किंवा निराळें खातें करणें हा त्यावरचा सोपा उपाय. दोष मातृभाषेचा नाहीं, ती गृहीत न धरणाऱ्याचा आहे.

आतां कुलपांकडे वळावयाचें. बेकायदा नकला होऊं नयेत ही विक्रेत्यांची इच्छा न्याय्यच होती. पण कुलपाचा त्रास चोरापेक्षां धन्यालाच अधिक झाला. १९८५ सालीं स्पेक्ट्रमवरील 'एलीट' खेळाबरोबर 'लेन्सलॉक' नांवाचें एक लहानसें भिंग दिलें जाई. पडद्यावरचीं विस्कटलेलीं अक्षरें त्यांतून पाहून वाचावयाचीं व टंकावयाचीं, तेव्हां खेळ उघडे. पडदा फार लहान किंवा फार मोठा असला तर अक्षरें जुळत नसत. आणि कांहीं पेट्यांत तर दुसऱ्याच खेळाचें भिंग गेलें होतें. पैसे दिलेल्या ग्राहकाला आपल्याच खेळाच्या दारांत तिष्ठत उभें राहावें लागलें. पुढें तबकडीवरचीं कुलपें आलीं. 'सेफडिस्क' हें त्यांतलें बहुप्रसिद्ध. त्याचा एक ड्रायव्हर कार्यप्रणालीच्या गाभ्यांत शिरून बसे. तो सुरक्षिततेला धोकादायक ठरल्यामुळें २०१५ सालच्या विंडोज १० नें त्याला प्रवेश नाकारला, आणि त्याच वर्षीं जुन्या आवृत्त्यांतूनहि तो बंद करण्यांत आला. परिणाम असा, कीं ज्यांनीं खेळाची अस्सल तबकडी जपून ठेवली त्यांचाच खेळ उघडेनासा झाला.

यानंतर कुलूप घरांतून निघून दूरच्या सर्व्हरवर गेलें. नोव्हेंबर २००४ मध्यें 'हाफ-लाइफ २' हा खेळ तबकडीवर विकत घेतला तरी इंटरनेटवरून 'स्टीम' या सेवेची अनुज्ञा घ्यावी लागे. पहिल्याच दिवशीं सर्व्हरवर एवढी गर्दी झाली कीं अनेकांना खेळ हातांत असून खेळतां आला नाहीं. मार्च २०१३ मध्यें नव्या 'सिमसिटी'चा प्रसंग याहून कठीण. एकट्यानें खेळावयाचें तरी सतत सर्व्हरशीं जोडलेलें राहावें, अशी अट होती. सर्व्हर कोलमडले, इलेक्ट्रॉनिक आर्ट्स कंपनीनें भरपाई म्हणून एक खेळ फुकट दिला, आणि इंटरनेटवांचून खेळण्याची सोय वर्षभरानें, मार्च २०१४ मध्यें झाली. ज्या नांवाच्या खेळासाठीं १९९५ सालीं एका कार्यप्रणालीनें वांकून वाट करून दिली, त्याच नांवाच्या खेळानें १८ वर्षांनीं आपल्याच ग्राहकाला दाराबाहेर उभें केलें. शेवटीं ३१ मार्च २०२४ रोजीं यूबिसॉफ्ट कंपनीनें 'द क्रू' या मोटारशर्यतीच्या खेळाचे सर्व्हर बंद केले, आणि पैसे देऊन घेतलेला तो खेळ कायमचा उघडेनासा झाला. येथें पेंचकस चालत नाहीं, फाइल बदलून भागत नाहीं, नवें कार्ड घेऊन उपयोग होत नाहीं.

असें असलें तरी आज बहुतेक वेळां खेळ न उघडण्याचें कारण याहून साधें असतें, आणि वरील इतिहास हाच तपासणीचा क्रमहि सुचवितो. प्रथम पडद्यावर आलेला निरोप शब्दशः टिपून घ्यावा, यंत्र एकदां बंद करून पुन्हां सुरू करावें, आणि खेळाला हवी असलेली किमान सामग्री यंत्रांत आहे कीं नाहीं हें पडताळून पाहावें. नंतर माध्यमाकडे पाहावें: पूर्वीं टेपचें डोकें पुसत, आतां स्टीमसारख्या सेवेंत फाइलींची शाबूती तपासण्याची सोय असते, तुटलेली फाइल ती पुन्हां आणून देते. त्यानंतर दुभाष्या: चित्र-कार्डाचा ड्रायव्हर कार्ड करणाऱ्या कंपनीकडूनच नवा घ्यावा. मग करार: डायरेक्टएक्स व व्हिज्युअल सी प्लस प्लस यांचे संच मायक्रोसॉफ्टकडून बसवावे. हरवलेली एकटी डीएलएल फाइल अनोळखी ठिकाणाहून आणण्याचा मोह टाळावा. त्या वाटेनें खेळाऐवजीं व्हायरस घरांत येतो. मग पहारेकरी: अँटिव्हायरसनें खेळाची एखादी फाइल चोर समजून कोंडली आहे काय हें पाहावें. खेळ जुना असेल तर विंडोजमधील जुन्या आवृत्तीचें सोंग घेण्याची सोय वापरावी. ती विंडोज एक्सपीपासून, म्हणजे २००१ पासून आहे. डॉसच्या काळचा खेळ असेल तर २००२ सालीं निघालेला 'डॉसबॉक्स' हा कार्यक्रम आधुनिक यंत्रांत जुनें यंत्रच उभें करून देतो. आणि हें सर्व करतांना एका वेळीं एकच गोष्ट बदलावी. दोन बदलल्या तर गुण कोणाचा हें कळत नाहीं, आणि फुंकरेला श्रेय मिळतें.

हा केवळ मुलांच्या हौसेचा प्रश्न आहे काय? २०२३ सालीं अमेरिकेंतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननें केलेल्या पाहणींत असें आढळलें, कीं तेथें २०१० पूर्वीं प्रसिद्ध झालेल्या जुन्या खेळांपैकीं ८७ टक्के खेळ आज बाजारांत कोठेंहि विकत मिळत नाहींत. नाटकाचा प्रयोग संपला तरी संहिता राहते, गवई गेला तरी ध्वनिमुद्रिका राहते. खेळ मात्र चालविल्यावांचून वाचतां येत नाहीं. तो उघडला नाहीं तर त्यांतली चित्रकला, संगीत, कथा व बुद्धि हीं सर्व कुलूपबंद पेटींत पडून राहतात. म्हणून पोलंडमध्यें २००८ सालीं निघालेल्या 'गुड ओल्ड गेम्स' या दुकानानें जुने खेळ दुरुस्त करून कुलपांशिवाय विकण्याचा व्यवसाय आरंभिला, तो केवळ व्यापार म्हणून नव्हे तर जतन म्हणूनहि मोलाचा आहे. कॅलिफोर्निया राज्यांत १ जानेवारी २०२५ पासून, विकली जाणारी डिजिटल वस्तु ही मालकी नसून केवळ परवाना असल्यास विक्रेत्यानें तसें स्पष्ट सांगावें, असा कायदा लागू झाला. 'द क्रू' बंद पडल्यावर सुरू झालेल्या चळवळीच्या मागणीपत्रावर युरोपांत जुलै २०२५ पर्यंत १० लाखांहून अधिक नागरिकांनीं सह्या केल्या. विकलेला खेळ कंपनी निघून गेल्यावरहि चालण्याजोगा ठेवावा, एवढीच त्यांची मागणी आहे.

पेंचकसापासून मागणीपत्रापर्यंतचा हा प्रवास आहे. दोष टेबलावर होता तेव्हां उपाय हातांत होता. दोष यंत्राच्या पोटांत गेला तेव्हां उपाय अभ्यासांत होता. दोष परक्या सर्व्हरवर गेला तेव्हां उपाय कायद्यांत शोधावा लागला. घरच्या माणसाला यांतून दोन गोष्टी करतां येतील. मुलाचा खेळ अडला तर त्याला रागावण्याऐवजीं त्याच्यासह कारणाचा क्रमानें शोध घ्यावा. तर्काचें असें आयतें शिक्षण सहसा मिळत नाहीं. आणि नवा खेळ घेतांना त्याच्या किंमतीबरोबर हाहि प्रश्न विचारावा, कीं विकणारा उद्यां दुकान बंद करून गेला, तर हें दार आपल्याला उघडतां येईल काय?